ब्रसेल्सची स्मृतिस्पर्धा आणि लीगचे गणित

१४ सप्टेंबर २०२४ रोजी ब्रसेल्समध्ये नीरज चोप्राचा भाला ८७.८६ मीटरवर पडला आणि ग्रेनेडाच्या अँडरसन पीटर्सपेक्षा तो अवघा एक सेंटिमीटर कमी ठरला. डाव्या हाताचे हाड मोडलेले असताना तो खेळला, हे नंतर समजले. आदल्या दिवशी त्याच मैदानावर बीड जिल्ह्यातील मांडव्याचा अविनाश साबळे ३,००० मीटर स्टीपलचेसमध्ये ८ मिनिटे १७.०९ सेकंदांत नववा आला होता. आपल्याकडे या दोन्ही दिवसांची नोंद 'डायमंड लीगची अंतिम फेरी' अशी झाली. ज्या स्पर्धेच्या अंगणात ती फेरी भरली, तिचे नाव मात्र क्वचितच उच्चारले गेले. 'मेमोरियल व्हॅन डॅम' हे ते नाव. एका बावीस वर्षांच्या धावपटूच्या स्मरणार्थ सुरू झालेली स्पर्धा जागतिक साखळीतील एक थांबा बनते, तेव्हा त्या स्मरणाचे काय होते, हा प्रश्न त्यामुळे विचारण्याजोगा आहे.

इव्हो व्हॅन डॅम हा बेल्जियमचा मध्यम पल्ल्याचा धावपटू. १९७६ च्या माँट्रियल ऑलिंपिकमध्ये त्याने दोन रौप्यपदके मिळवली. ८०० मीटरमध्ये क्यूबाच्या अल्बेर्तो हुआंतोरेनाने विश्वविक्रम केला; व्हॅन डॅम त्याच्यामागे १ मिनिट ४३.८६ सेकंदांत आला. १,५०० मीटरमध्ये न्यूझीलंडच्या जॉन वॉकरने त्याला केवळ एकदशांश सेकंदाने मागे टाकले. सुवर्णपदक आता फार दूर नाही, असे बेल्जियमला वाटत असतानाच त्याच वर्षी २९ डिसेंबरला दक्षिण फ्रान्समध्ये मोटार अपघातात त्याचा मृत्यू झाला. त्याचा तो ८०० मीटरचा राष्ट्रीय विक्रम इतका भक्कम होता, की तो मोडण्यास २०२४ साल उजाडावे लागले. इलियट क्रेस्टनने तो मोडला.

या मृत्यूनंतर स्मृतिस्पर्धेची कल्पना पुढे आली ती क्रीडा पत्रकारांच्या एका गटाकडून. १६ ऑगस्ट १९७७ रोजी ब्रसेल्सच्या हेझेल स्टेडियममध्ये पहिली स्पर्धा झाली. या गटातील विल्फ्रीड मीर्ट यांनी पुढे कित्येक वर्षे तिची धुरा वाहिली. पत्रकार आयोजक असल्याचा परिणाम स्पर्धेच्या स्वभावावर झाला. दुसऱ्या दिवशीच्या अंकात कशाला जागा मिळते, हे त्यांना पक्के ठाऊक होते; आणि ते म्हणजे विक्रम. उन्हाळा सरता सरता, संध्याकाळची थंडावलेली हवा, सुरुवातीचे फेरे ठरलेल्या वेगाने धावून बाजूला होणारे पेसमेकर आणि भरलेले प्रेक्षागार, अशी जुळणी येथे वर्षानुवर्षे केली गेली.

त्याचे फळ लवकरच दिसले. १९८१ च्या ऑगस्टमध्ये सेबॅस्टियन को आणि स्टीव्ह ओव्हेट या ब्रिटिश धावपटूंमध्ये मैलाच्या विक्रमाची ओढाताण चालली होती. १९ तारखेला झुरिकमध्ये को, २६ तारखेला कोब्लेन्झमध्ये ओव्हेट आणि २८ तारखेला ब्रसेल्समध्ये पुन्हा को, असा दहा दिवसांत तीनदा विक्रम बदलला. ब्रसेल्सची ३ मिनिटे ४७.३३ सेकंदांची वेळ त्यातली शेवटची. पुढे हेच को २०१५ मध्ये जागतिक ॲथलेटिक्स महासंघाचे अध्यक्ष झाले.

यात एक विसंगती आहे. ज्याच्या नावाने ही स्पर्धा भरते, त्याची माँट्रियलमधील १,५०० मीटरची अंतिम शर्यत संथ होती. तेथे पेसमेकर नव्हते. सारे एकमेकांवर नजर ठेवून धावले आणि निकाल शेवटच्या फेरीत लागला. त्याच्या स्मरणार्थ मात्र घड्याळाशी झुंजणाऱ्या, आखून दिलेल्या शर्यती होत राहिल्या. अशा शर्यतींत चुरस उरत नाही, हा आक्षेप सर्वस्वी खोटा नाही. तरीही २२ ऑगस्ट १९९७ ची संध्याकाळ पाहणाऱ्याला तो पटला नसता. त्या एका संध्याकाळी केनियाच्या डॅनियल कोमेनने ५,००० मीटरचा आणि पॉल टेरगाटने १०,००० मीटरचा विश्वविक्रम मोडला, आणि दोन्ही विक्रम इथिओपियाच्या हैले गेब्रसेलासीच्या नावावरचे होते! २००४ मध्ये सैफ सईद शाहीनने येथेच स्टीपलचेसमध्ये ७ मिनिटे ५३.६३ सेकंदांची वेळ दिली. ती २०२३ पर्यंत टिकली. २००५ मध्ये केनेनिसा बेकेलेने १०,००० मीटर २६ मिनिटे १७.५३ सेकंदांत पूर्ण केले. तो विक्रम पंधरा वर्षे अबाधित होता. लांब पल्ल्याची धाव ही ब्रसेल्सची ओळख बनली ती अशी.

दरम्यान व्यवहार बदलत होता. १९९८ मध्ये गोल्डन लीग आली आणि ब्रसेल्स तिचा भाग झाले. मोसमातील ठरलेल्या सर्व स्पर्धा जिंकणाऱ्यास जॅकपॉट, ही तिची कल्पना. २००८ मध्ये केनियाच्या पामेला जेलिमोचे दहा लाख डॉलर येथेच निश्चित झाले. २०१० पासून डायमंड लीग सुरू झाली. कोणते प्रकार कोठे होतील, हे आता साखळीच्या तक्त्यानुसार ठरू लागले आणि त्या तक्त्यात १०,००० मीटरला स्थान नव्हते. ब्रसेल्सने ती शर्यत काही काळ पदरमोड करावी तशी वेगळी भरवली, पण तिचे दिवस भरत आले होते. नोव्हेंबर २०१९ मध्ये तर महासंघाने दूरचित्रवाणीसाठी कार्यक्रम नव्वद मिनिटांत बसवण्याकरिता ५,००० मीटर वगळण्याचे आणि स्टीपलचेस, २०० मीटर, तिहेरी उडी व थाळीफेक यांना मुख्य यादीतून काढण्याचे जाहीर केले. कोविडच्या साथीने २०२० चा मोसमच विस्कटला आणि पुढे हा निर्णय मागे पडला. तो अमलात येता, तर साबळेसारख्या धावपटूची ब्रसेल्सवारी अवघड होती.

गंमत अशी, की साथीमुळे साखळीचे बंधन सैल झालेल्या त्याच वर्षी ब्रसेल्सने आपला जुना स्वभाव दाखवला. ४ सप्टेंबर २०२० रोजी प्रेक्षकांविना भरलेल्या स्पर्धेत एका तासाची धाव ठेवली गेली. मो फाराने २१,३३० मीटर, तर सिफान हसनने १८,९३० मीटर अंतर कापून विश्वविक्रम केले. नव्वद मिनिटांच्या कार्यक्रमात तासाभराची शर्यत कोण बसवणार?

स्मरणाचे असे बदलणे केवळ ब्रसेल्सपुरते नाही. अमेरिकेत १९७५ मध्ये मोटार अपघातातच गेलेल्या स्टीव्ह प्रीफोंटेनच्या नावाने यूजीन येथे भरणारी 'प्रीफोंटेन क्लासिक'ही याच साखळीत आहे. २०२३ ची अंतिम फेरी तेथे झाली आणि नीरज तेथेही दुसराच आला.

मात्र ब्रसेल्सवरील सर्वांत मोठे संकट साखळीकडून नव्हे, फुटबॉलकडून आले. १९८५ च्या युरोपियन कप अंतिम सामन्यात ३९ जणांचा बळी गेलेले हेझेल स्टेडियम नूतनीकरणानंतर १९९५ मध्ये राजे बोदुआं यांच्या नावाने पुन्हा उघडले. धावपट्टी कायम राहिली. पुढे २०२० च्या युरो स्पर्धेसाठी शेजारीच नवे 'युरोस्टेडियम' उभारून जुने पाडण्याची योजना आखण्यात आली. नव्या मैदानात धावपट्टी नव्हती. परवानग्या रखडल्या, वाद वाढले, आणि डिसेंबर २०१७ मध्ये युरोपीय फुटबॉल संघटनेने ब्रसेल्सचे सामने काढून लंडनला दिले. योजना बारगळली. व्हॅन डॅमच्या नावाची स्पर्धा आपल्या जुन्या घरात राहिली ती या फसलेल्या फुटबॉल मैदानामुळे.