नादाचा डिंक

मराठीत 'नाद' हा शब्द काही फार चांगल्या अर्थानं वापरत नाहीत. पत्त्यांचा नाद, नाटकाचा नाद, 'त्याच्या नादी लागू नकोस'! लहानपणी हे इतक्यांदा ऐकलं की नाद म्हणजे वडीलधाऱ्यांना न आवडणारी गोष्ट, अशीच आमची समजूत होती. नाद देवही असू शकतो हे आम्हाला नीट कळलं ते पन्नाशी उलटल्यावर, तेही इथे सनीव्हेलमध्ये. आणि शिकवायला निमित्त झाली नऊ वर्षांची एक कन्या.

झालं असं. गणेश चतुर्थीला आम्ही एका स्नेह्यांकडे गेलो होतो. घर अपार्टमेंटातलं, भिंती पातळ. आदल्या वर्षी आरती ऐन रंगात असताना शेजाऱ्यानं येऊन दार ठोठावलं होतं, म्हणून या खेपेला झांजांना चक्क रुमाल बांधले होते. आरती झाली आणि घरातली कन्या अथर्वशीर्ष म्हणायला बसली. समोरचा कागद रोमन लिपीतला, पण तोही तिनं पालथा ठेवलेला. सगळं पाठ! 'न' आणि 'ण' वेगळे, विसर्ग जिथल्या तिथे. साताऱ्याहून आलेल्या आजीनं कौतुकानं कानशिलावर बोटं मोडली.

कन्येनं मात्र विचारलं, "आजी, यात सारखं 'त्वं, त्वं' आहे. म्हणजे 'तू' ना? तू काय? आपण त्याला काय सांगतोय?"

आईनं "अगं, देवाचं आहे ते, चांगलं असतं" म्हणून वेळ मारून नेली. आजी खरं बोलली. "मला नाही गं ठाऊक. साठ वर्षं म्हणतेय. कुणी सांगितलं नाही, मीही विचारलं नाही."

"मग पुढच्या वर्षी नाही म्हटलं तर चालेल?"

खोलीत कुणी बोलेना. आम्ही हातातल्या मोदकाकडे पाहत बसलो, कारण आमचीही गत आजीसारखीच.

शेवटी देव्हाऱ्याच्या खणातून अर्थासकट छापलेली जुनी पोथी निघाली. आजी वाचू लागली, आम्ही सोपं करून सांगू लागलो. तू वाणीचाच बनलेला आहेस. हे सगळं जग तुझ्यातून निघतं, तुझ्यात राहतं, तुझ्यातच विरतं. वाणीच्या चारही पायऱ्या तूच. परा, पश्यंती, मध्यमा या तीन आतल्या आणि तोंडानं बोलतो ती वैखरी. पुढे तर त्या देवाचा मंत्रच अक्षर अक्षर सुटा करून दाखवलाय. आधी 'ग', मध्ये 'अ', शेवटी अनुस्वार, आणि या सगळ्यांना सांधणारा तो नाद.

"म्हणजे 'गं'? आजी मला म्हणते तो, 'काय गं' मधला?"

"तो नव्हे," आम्ही म्हणालो, "पण फार लांबचाही नव्हे!"

"आणि नाद म्हणजे ग्लू?"

"डिंक," आजी म्हणाली. हा शब्द कन्येला ठाऊक होता, आजीनं येताना आणलेल्या लाडवांमुळे.

एव्हाना कन्येच्या वडलांना राहवेना. "बघा, आपल्या ऋषींना बिग बँग माहीत होता!" आमचं त्यांच्याशी इथे जमत नाही. १९९२ साली आपल्या शेजारच्या बर्कलीचे जॉर्ज स्मूट आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी कोबी (भाजीतला नव्हे, उपग्रह) वापरून विश्वातल्या सर्वांत जुन्या प्रकाशातले बारीक चढउतार दाखवले. कोबीवरच्या कामाबद्दल २००६ मध्ये स्मूट आणि जॉन मॅथर यांना नोबेल मिळालं. विश्वाच्या आरंभी सुमारे ३,८०,००० वर्षं त्या तापलेल्या पदार्थात ध्वनीच्या लाटा फिरत होत्या, हे आता पक्कं आहे. त्यांचा ठसा २००५ मध्ये दीर्घिकांच्या मांडणीतही सापडला. म्हणजे ध्वनीनं जगाला आकार दिला हे एका परीनं खरंच. पण तो ध्वनी म्हणजे दाबाची लाट. तिथे बोलणारा कुणी नाही, ऐकणारा नाही, अर्थ नाही. ती मोजमापं यंत्रांनी आणि गणितानं केली, त्याचं श्रेय पोथीला देऊ नये. आणि पोथी जे सांगते ते यंत्रात शोधू नये.

पोथी काय सांगते, ते आमच्या मते ज्ञानेश्वरांनी सर्वांत गोड करून सांगितलं. शके १२१२, म्हणजे इ. स. १२९० मध्ये, नेवाशाला ज्ञानेश्वरी सांगताना त्यांनी पहिलं वंदन केलं ते अशाच नादाच्या देवाला. तो गणेश म्हणजे शब्दब्रह्माचीच मूर्ती. ॐकारातला अकार त्याचे दोन्ही पाय, उकार पोट, मकार ते भलंमोठं मस्तक. अठरा पुराणं त्याचे दागिने. आणि काव्य-नाटकं म्हणजे त्याच्या अंगावरच्या रुणझुणणाऱ्या घागऱ्या. त्या घागऱ्यांचा आवाज कसला, तर अर्थाचा!

आम्ही तिथेच अडलो. ज्ञानेश्वरांनी नादाला देव मानलं, पण नुसत्या नादावर भागवलं नाही. गीता ऐकून कळेना म्हणून ती लोकांच्या बोलीत आणली. आणि आम्ही काय करतो? इथल्या मुलांना उच्चार घोटून देतो, अर्थाचं कुणी विचारलं तर मोदक पुढे करतो. अर्थावाचून शिकवलेलं स्तोत्र म्हणजे रुमाल बांधलेली झांजच की! उच्चार नको असं नाही हं. साठ वर्षं अर्थ न कळता आजीनं तो नाद जपला, म्हणून तर नातीला विचारायला काही उरलं. पण आजीला प्रश्न न विचारता म्हणत राहता आलं, नातीला येणार नाही. तिच्या भोवती ही भाषाच नाही. अर्थ कळला नाही तर ती कागद खाली ठेवेल, आणि तिच्या मुलांना पाठही नसेल.

म्हणून एक सूचना. यापुढे मंडळाच्या गणपतीत सामुदायिक अथर्वशीर्षाआधी पाच मिनिटं अर्थासाठी ठेवावीत, आणि तो मुलांनी सांगावा. चुकला तर चुकला. बघू या, मोठ्यांपैकी किती जणांना चूक कळते!

कन्येनं त्या रात्री रोमन कागदाच्या समासात पेन्सिलीनं अर्थ लिहून घेतला. नादापुढे देवनागरीत लिहिलंय 'डिंक', वेलांटी दीर्घ. आम्ही ती दुरुस्त केली नाही. पुढच्या वर्षी म्हणणार का, ते मात्र अजून सांगितलेलं नाही.