गुरांच्या बाजाराची जागा आणि कोर्टाची पायरी

मुंबई हायकोर्टाचे सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात बसू लागल्यामुळे लांज्याच्या पक्षकारास आता मुंबई गाठावी लागत नाही; आंबा घाट चढला की काम भागते. न्याय जवळ आला ही गोष्ट स्वागतार्हच होय. परंतु कोर्ट जवळ आले म्हणून दावा बळकट होत नाही. विशेषतः गुरांचा बाजार कोठे भरावा, या तंट्यात हायकोर्टाकडून काय मिळण्याजोगे आहे व काय नाही, हे वकीलपत्रावर सही करण्यापूर्वीच ओळखलेले बरे.

बाजार वाडवडिलांपासून अमुक माळावर भरत आला, सबब तो कोणास हलविता येणार नाही, अशी पुष्कळांची समजूत असते. कायद्यापुढे ती टिकत नाही. पुण्याच्या नाना व भवानी पेठांतील व्यापाऱ्यांस गुलटेकडीच्या नव्या मार्केट यार्डात जावयाचे नव्हते. त्यांचे प्रकरण सुप्रीम कोर्टापर्यंत गेले व १९८१ साली, रमेशचंद्र पोरवाल यांच्या खटल्यात, ते हरले. १९६३ च्या बाजार समिती कायद्यान्वये बाजाराचे ठिकाण जाहीर करणे हे कायदा करण्याच्या जातीचे काम आहे. त्यासाठी प्रत्येक व्यापाऱ्यास बोलावून त्याचे म्हणणे ऐकण्याचे बंधन सरकारवर नाही, असा त्या निकालाचा मथितार्थ. तो खटला गुरांचा नव्हता हे खरे. परंतु गुरे व शेळ्यामेंढ्या याच कायद्याच्या कक्षेत येतात. लांज्यास नगरपंचायत आहे, तिला १९६५ चा नगरपरिषद कायदा लागू. सभोवतालच्या गावांत ग्रामपंचायतींचा १९५८ चा. म्हणजे एका बाजारास धनी दोन, आणि भांडण लागले की दोघेही एकमेकांकडे बोट दाखविण्यास मोकळे!

मग कोर्टाचा उपयोगच नाही काय? आहे, पण तो निराळ्या जागी. कैराना येथील म्युनिसिपल बोर्डाने भाजीच्या घाऊक विक्रीचा मक्ता एकट्यास देऊन दुसऱ्यास परवाना नाकारला, तेव्हा १९५० साली सुप्रीम कोर्टाने बोर्डाचा कान धरला. पुढे १९५४ साली मुझफ्फरनगरच्या डिस्ट्रिक्ट बोर्डाविरुद्ध आलेला खटला तर गुरांच्या बाजाराचाच होता. आपल्या जमिनीवर बाजार भरविणे हाही एक व्यवसाय आहे व बोर्डाचे उपविधी त्याच्या हक्काआड येत आहेत, असे तेथे ठरले. २०१७ साली केंद्र सरकारने राज्याच्या सीमेपासून पंचवीस किलोमीटरांच्या आत गुरांचा बाजार नको असा नियम काढला. तो चालता तर सावंतवाडी, बांदे, दोडामार्ग येथे बाजारास जागाच उरली नसती! मद्रास हायकोर्टाच्या मदुरा बेंचने त्या नियमांस दिलेली स्थगिती सुप्रीम कोर्टाने त्याच वर्षी जुलैत देशभर लागू केली. तात्पर्य, अधिकार होता काय, विहित रीत पाळली काय, मक्तेदारी तर नाही ना, इतके कोर्ट पाहते. नवी जागा जुनीहून गैरसोयीची आहे, एवढ्या तक्रारीवर ते हुकूम फिरवीत नाही.

आणि खरी अडचण तर गैरसोयीचीच असते. रुमालाखाली बोटे धरून किंमत ठरविणाऱ्या दलालास बाजार दोन कोस पुढे गेला तरी फिकीर नाही. त्याच्यापाशी टेंपो आहे. मृगापूर्वी एकच बैल घेण्यास आलेल्या शेतकऱ्याचे तसे नव्हे. त्यास पाणी हवे, सावली हवी, जनावर गाडीत चढविण्यास धक्का हवा, डॉक्टर हवा. २०२२ साली लम्पीच्या साथीत राज्यातले गुरांचे बाजार बंद ठेवावे लागले. त्यानंतर तरी पशुवैद्याची जागा आधी आखून मग बाजाराची आखावी, हे शिकावयास कोर्टाचा हुकूम लागू नये. उलटपक्षी, मुंबई-गोवा महामार्गाच्या काठी राहणाऱ्या नागरिकांची शेणाची व वाहतुकीच्या खोळंब्याची तक्रारही खोटी नव्हे.

यास्तव आमचे म्हणणे असे की, कायदा सुनावणीची सक्ती करीत नसला तरी ती देण्यास मनाईही करीत नाही. उद्या लांज्यास वा शेजारच्या कोणत्याही गावी बाजार हलविण्याचा विचार निघाल्यास, ठरावापूर्वी नव्या जागेचा नकाशा, पाण्याची सोय व हलविण्याची कारणे छापून प्रसिद्ध व्हावीत, हरकतींस निदान एक महिना मिळावा, आणि ती नोटीस कचेरीच्या फळ्यावर न राहता चार बाजारवारी भर बाजारात, मोठ्याने वाचून दाखविली जावी. कारण ज्याचा बैल विकावयाचा आहे तो कचेरीत येत नाही.