तेल्फुसाचा झरा आणि श्रीपालाचे तळे

ग्रीक पुराणकथांतील निम्फेला मराठीत ‘अप्सरा’ म्हणण्याचा प्रघात इतका अंगवळणी पडला आहे की, त्यात काही चुकते आहे अशी शंकाही समीक्षेला येत नाही. अप्सरा म्हटले की इंद्राची सभा, कुणाचे तरी तप, शाप आणि उःशाप ही सारी सामग्री आपोआप चालत येते, आणि मग अपोलो-डॅफ्नी, पॅन-सिरिंक्स यांच्या कथा ‘प्रणयकथा’ म्हणून वाचल्या जातात. सक्तीला प्रणय म्हणणे हा त्यातील उघड दोष. त्याहून मोठा दोष असा की, या वाचनात जागाच नाहीशी होते. इंद्राची अप्सरा कोठेही धाडता येते. निम्फ एका झऱ्याची वा एका झाडाची असते, आणि झाड वठले की तीही सरते.

या गैरसमजाला ओव्हिडने खतपाणी घातले. इसवी सन 8 च्या सुमारास पूर्ण झालेली त्याची ‘मेटामॉर्फोसिस’ ही रोमन नागर अभिरुचीची कृती, पण तीच ग्रीक पुराणकथा समजून वाचली जाते. तिच्याहून कित्येक शतके जुन्या, अपोलोला उद्देशून रचलेल्या होमरी स्तोत्रात तेल्फुसा नावाची निम्फ आहे. मंदिरासाठी जागा शोधत अपोलो तिच्या झऱ्याशी येतो. ती पळत नाही, युक्तिवाद करते. येथे घोडे-खेचरे पाण्यावर येतात, त्यांचा गोंगाट तुला सोसणार नाही, तू पार्नाससच्या कुशीत क्रिसाला जा. तेथे एक सर्पिणी आहे, हे मात्र ती सांगत नाही. सर्पिणीला मारून अपोलो परततो, तेल्फुसाच्या प्रवाहावर कडा लोटतो, शेजारी आपली वेदी उभारतो आणि तिचेच नाव बिरुदासारखे लावून पूजा घेतो. प्रणयाचा येथे लवलेश नाही. भांडण पाणवठ्याचे आणि कीर्तीचे आहे. डॅफ्नीवर रसाळ लिहिणाऱ्या लेखण्यांना तेल्फुसा दिसत नाही, ती यामुळेच.

निम्फेची मराठी बहीण शोधायची तर ती साती आसरांत शोधावी. ‘आसरा’ हा ‘अप्सरा’चाच अपभ्रंश. अर्थात मूळची अप्सराही पाण्याचीच होती. शतपथ ब्राह्मणातील उर्वशीच्या सख्या तळ्यात पक्षिणी होऊन पोहतात. दरबारात ती पुढे गेली. नदीकाठचे शेंदूर माखलेले सात दगड मात्र तेथेच राहिले. त्यांना खण, हिरव्या बांगड्या लागतात, आणि बुडालेल्या माणसाचा दोष अजूनही त्यांच्यावर येतो.

तथापि प्रत्येक तळ्यामागे पदच्युत मातृदेवता शोधणारी, कोसंबींचे बोट धरून निघालेली समीक्षाही तितकीच उतावीळ आहे. कोसंबी स्वतः डोंगर तुडवून दगड पाहत. अनुयायांना सूत्र पुरते. शिरपूरच्या अंतरिक्ष पार्श्वनाथाची कथा या दोन्ही घाईंना रोखते. 14 व्या शतकातील जिनप्रभसूरींच्या ‘विविधतीर्थकल्पा’त ती आली आहे. श्रीपाल राजा एका तळ्यावर हातपाय धुतो आणि त्याचा रोग जातो. मग राणीला स्वप्न पडते आणि पाण्यात पार्श्वनाथाची मूर्ती असल्याचे कळते. मूर्ती गाड्यातून नेताना राजा मागे वळून पाहतो, आणि ती तेथेच अधांतरी थांबते. या कथेत आसरा नाही, निम्फ नाही. तिला बळेच आणून बसवणे म्हणजे पुराव्याच्या जागी इच्छा ठेवणे. पण कथेतील क्रम नाकारता येत नाही. आधी पाणी बरे करते, त्या गुणाचा धनी नंतर सापडतो. तेल्फुसाच्या झऱ्यावर कडा कोसळला. येथे कोणी काही लोटले नाही, देव उचलला गेला आणि पाणी मागे राहिले. तीर्थाला नाव मिळाले, तळ्याला मिळाले नाही. पूर्वी डोक्यावर घागर घेतलेली बाई या मूर्तीखालून सहज जाऊ शके, असे परंपरा सांगते. त्या घागरीतले पाणी कोठले, हे ती सांगत नाही.