निरर्थक असण्याचा हक्क

विद्यापीठात ‘मॉन्टी पायथन’चा विषय निघाला की ठरावीक घरांतली मुलं एकमेकांकडे बघून हसतात आणि उरलेल्यांना ऐकवतात, "हे सगळ्यांना कळत नाही." मला कळतं, म्हणून लिहितो आहे.

१९६९ ते १९७४ या काळात बीबीसीवर आलेल्या या मालिकेनं विनोदाचं व्याकरण मोडलं. प्रसंगाला शेवट नाही, हशा पिकवणारं शेवटचं वाक्य नाही, मध्येच टेरी गिलियमची कातरचित्रं येऊन सगळं गिळून टाकतात. हे धाडस होतंच. पण सहापैकी पाच जण ऑक्सफर्ड-केंब्रिजचे होते, हेही विसरू नका. त्यांच्या निरर्थकाला आधीच प्रतिष्ठा होती.

१९७० चा एक प्रसंग घ्या. विचित्र चालींचं सरकारी मंत्रालय. अर्जदार आपली चाल सुधारायला अनुदान मागतो. जॉन क्लीजच्या अधिकाऱ्याला ती पुरेशी विचित्र वाटत नाही. तरी शेवटी तो अर्जदाराला संशोधन फेलोशिप देऊन टाकतो.

तिथे ही कल्पना होती. इथे पेशवाईतल्या पुण्यात अस्पृश्यानं कमरेला झाडू आणि गळ्यात मडकं बांधून चालायचं, हा नियम होता. १९३६ साली बाबासाहेबांनी ‘जातिनिर्मूलना’त हे नोंदवलं आहे. आमच्यासाठी अॅब्सर्ड ही शैली नव्हती, हुकूम होता. आजही माझी फेलोशिप महिनोन्‌महिने अडते, कारण एका कागदावर आडनाव आधी आहे आणि दुसऱ्यावर नंतर.

तरीही आम्ही लिहायला बसलो की मागणी एकच: "तुमचा अनुभव लिहा." म्हणजे वेदना लिहा. त्यांचं निरर्थक म्हणजे प्रयोग. आमचं निरर्थक म्हणजे ‘अजून भाषा जमलेली नाही’.

आपल्यातलेच काही म्हणतील, लढा सोडून ही थेरं कशाला? कारण वेदनेची साक्ष दिली की सत्ता गंभीर चेहरा करून सहानुभूती देते आणि खुर्चीवर तशीच बसून राहते. तिचा नियमच हास्यास्पद ठरवला की तिचं पावित्र्य जातं. तमाशाच्या बतावणीत सोंगाड्या हेच करत आला. त्याला ‘ग्राम्य’ कुणी ठरवलं, ते आठवा.

मित्रमैत्रिणींनो, पदवी मिळाली म्हणून शहाण्यासारखंच बोलायचं, असा करार आपण केलेला नाही. ज्यांनी हजारो वर्षं मूर्ख नियम सोसले, त्यांच्याइतका मूर्खपणाचा अभ्यास कुणाचा आहे? लिहा, चित्रित करा, वेडंवाकडं करा. अर्थ शोधायची मेहनत जरा त्यांना करू द्या.

जय भीम.