भाड्याचे घर आणि आडनाव

बंगळूरची इलेक्ट्रॉनिक सिटी ही भांडवलदारांच्या कर्तबगारीची नव्हे, तर सरकारी नियोजनाची निर्मिती आहे. ‘केऑनिक्स’ या कर्नाटक सरकारच्या महामंडळाने १९७८ मध्ये कोनप्पन अग्रहार व दोड्डतोगूर परिसरातील ३३२ एकरांवर ती वसविली. उद्योगांना जमीन मिळाली. तेथे राबणाऱ्यांचा निवारा मात्र बाजाराच्या हवाली झाला.

त्या बाजारात दलित, मुसलमान वा ईशान्येकडील तरुणाला पगाराआधी आडनाव आणि आहार विचारला जातो. घरमालक सगळेच धनदांडगे नव्हेत. शेती गेल्यावर चार खोल्या बांधून जगणारी कुटुंबेही त्यांत आहेत. म्हणून अन्याय सौम्य होत नाही. परदेशी विद्या घेऊन आलेल्या डॉ. आंबेडकरांना १९१७ मध्ये बडोद्यात जात कळताच बिऱ्हाड सोडावे लागले होते. आज चौकशी फोनवरून होते, एवढाच फरक!

संविधानाच्या १५ व्या अनुच्छेदाने दुकाने, उपाहारगृहे व पाणवठे सर्वांना खुले केले. भाड्याच्या घराचा तेथे उल्लेख नाही. केंद्राच्या २०२१ च्या आदर्श भाडेकरू कायद्याने अनामत रकमेस दोन महिन्यांच्या भाड्याची मर्यादा सुचविली; भेदभावाविषयी तो मूक आहे. तृतीयपंथीयांना घर नाकारण्यास मात्र २०१९ च्या कायद्याने मनाई केली आहे. म्हणजे असे कलम लिहिता येते. जात, धर्म व प्रांत यांसाठीही ते कर्नाटकाच्या भाडे कायद्यात घातलेच पाहिजे, आणि संगणक क्षेत्रातील कामगार संघटनांनी कामाच्या तासांबरोबरच ही मागणी लावून धरली पाहिजे.