पाच वर्षांची मुदत आणि बेमुदत न्याय

ग्रामपंचायतीची मुदत पाच वर्षांची, हे संविधानाच्या कलम २४३-ई ने ठरवून दिले आहे. पण त्या निवडणुकीवर वाद झाला तर निकाल कधी लागावा? तारखेवर तारीख पडते आणि निकाल येईपर्यंत पुढची निवडणूक दारात उभी राहते. अशा प्रकरणात उशीर हाच निकाल असतो. आणि त्याची सर्वात मोठी किंमत राखीव जागेवरचा माणूस मोजतो, असे आमचे स्पष्ट मत आहे.

आधी कायदा पाहू. कलम २४३-ओ नुसार पंचायत निवडणुकीला फक्त निवडणूक याचिकेनेच आव्हान देता येते. महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियम, १९५८ च्या कलम १५ प्रमाणे निकालानंतर १५ दिवसांत दिवाणी न्यायाधीशांकडे अर्ज करावा लागतो. सोळाव्या दिवशी दार बंद. राखीव जागेवर निवडून आलेल्याने ठरलेल्या मुदतीत जात वैधता प्रमाणपत्र दिले नाही, तर कलम १०-१अ खाली पद जाते. अशा तरतुदी बंधनकारकच आहेत, असे सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०१८ मध्ये सांगितले. समितीने उशीर केला ही सबब चालत नाही. म्हणजे अर्जदाराला मुदत, मागासवर्गीय सदस्याला मुदत. मग निकाल देणाऱ्याला मुदत का नाही?

हरियाणात पानिपत जिल्ह्यातील बुआना लाखू गावात नोव्हेंबर २०२२ मध्ये सरपंचपदाची निवडणूक झाली. एका मतदान केंद्रावर दोन उमेदवारांच्या मतांची अदलाबदल झाली. ऑगस्ट २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या आवारात मतयंत्रे उघडून फेरमोजणी झाली, तेव्हा हरलेला उमेदवार १०५१ विरुद्ध १००० मतांनी विजयी ठरला. मोजणीला एक दिवस पुरला, पण त्या दिवसापर्यंत पोहोचायला पावणेतीन वर्षे लागली!

आपल्या जळगाव जिल्ह्यात विचखेडा गावच्या महिला सरपंच २०२१ मध्ये निवडून आल्या. सरकारी जागेवरील घरात राहतात, या तक्रारीवरून त्यांना अपात्र ठरवले गेले. जिल्हाधिकारी, विभागीय आयुक्त, उच्च न्यायालय, सगळीकडे त्या हरल्या. २७ सप्टेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने अपात्रता रद्द केली आणि स्त्री सरपंच झाल्याचे गावाला पचले नाही, हेही बोलून दाखवले. न्याय मिळाला, पण पाचपैकी साडेतीन वर्षे उलटून गेल्यावर.

वाशीमकरांना हे नवे नाही. जानेवारी २०२० ची आपली जिल्हा परिषद निवडणूक आरक्षणाचा वाद सर्वोच्च न्यायालयात प्रलंबित असतानाच, अंतिम निकालाच्या अधीन राहून झाली. विकास गवळी प्रकरणाचा निकाल ४ मार्च २०२१ ला आला आणि ओबीसींच्या जागांवरील निवड रद्द झाली. ऑक्टोबर २०२१ मध्ये जिल्ह्यातील १४ गटांत पोटनिवडणूक झाली. शासनाने आकडेवारी गोळा केली नाही, न्यायालयाने निर्णय मतदानाआधी दिला नाही, आणि पद गेले ते ओबीसी सदस्यांचे.

'पुढच्या वेळी लढा' असा सल्ला सहज दिला जातो. पण आरक्षण फिरते असते. आज अनुसूचित जातीच्या महिलेसाठी राखीव असलेले सरपंचपद पुढच्या सोडतीत दुसऱ्या प्रवर्गाला जाते. धनदांडग्याला दर पाच वर्षांनी संधी असते. मोलमजुरी करणाऱ्या बाईला ती कदाचित आयुष्यात एकदाच मिळते. शिवाय वाशीमची बाई अपिलासाठी अमरावतीच्या आयुक्तांकडे आणि पुढे सुमारे अडीचशे किलोमीटरवरच्या नागपूर खंडपीठात किती वेळा जाणार? कामाची रोजी बुडवून वकिलाची फी कुठून देणार? गावातल्या सत्ताधाऱ्यांना हे नेमके ठाऊक असते. म्हणूनच खटला जिंकण्यापेक्षा तो लांबवणे त्यांना स्वस्त पडते.

६ ऑक्टोबर १९३२ रोजी मुंबई विधिमंडळात ग्रामपंचायत विधेयकावर बोलताना बाबासाहेबांनी अस्पृश्यांना स्वतंत्र संरक्षण दिल्याशिवाय गावाच्या हाती सत्ता देण्यास विरोध केला होता. ते संरक्षण ७३ व्या घटनादुरुस्तीने राखीव जागांच्या रूपात दिले. आता तेच तारखांच्या ढिगाखाली गाडले जात आहे.

न्यायालयांवर कामाचा बोजा आहे, घाईत चुकीचे निकाल लागतील, असे कोणी म्हणेल. बोजा आम्ही नाकारत नाही. पण आमदार-खासदारांच्या निवडणूक याचिका सहा महिन्यांत निकाली काढण्याचा प्रयत्न व्हावा, असे लोकप्रतिनिधित्व कायद्याचे कलम ८६ सांगते. आमदाराचा वेळ मोलाचा आणि सरपंचाचा फुकटचा आहे काय?

आमच्या मागण्या तीन आहेत. कलम १५ खालील याचिका सहा महिन्यांत निकाली काढण्याचे बंधन कायद्यात घाला. निव्वळ फेरमोजणीचा वाद असेल तर तो आधी ऐका. आणि अपात्रतेच्या प्रकरणात अपील दाखल झाले की स्थगितीच्या अर्जावर पहिल्याच तारखेला निर्णय द्या.

तोवर आपल्या लोकांनी एक लक्षात ठेवावे. अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तींना आणि सर्व महिलांना विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ नुसार मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. निकालाच्या दिवशीच कागद गोळा करा आणि जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचे दार ठोठवा. पंधरा दिवस आपल्यासाठी थांबत नाहीत.

जय भीम! जय संविधान!