प्लगइन उघडत नाही, दोष कुणाचा?

संगीताच्या सॉफ्टवेअरमध्ये प्लगइन उघडले नाही की पहिला आरोप वापरणाऱ्यावर होतो. 'चोरीची कॉपी असेल', 'अपडेट कशाला केलंस', 'नवं मशीन घे'. हा आरोप मला मान्य नाही. नात, कव्वाली, लग्नाची गाणी रेकॉर्ड करणारे छोटे स्टुडिओवाले मी जवळून पाहतो. पैसे मोजून घेतलेली प्लगइन्सही त्यांच्याकडे एका अपडेटनंतर गायब होतात.

कारणे बघा. व्हीएसटी हा प्रकार स्टाइनबर्ग कंपनीने १९९६ मध्ये आणला, व्हीएसटी ३ हा २००८ मध्ये. २०२२ मध्ये कंपनीने जाहीर केले की, तिच्या सॉफ्टवेअरमधून व्हीएसटी २ चोवीस महिन्यांत जाणार. क्युबेस ९ ने ३२ बिटची प्लगइन्स नाकारली. ॲपलने २०१९ च्या कॅटालिनात ३२ बिटला पूर्ण दार बंद केले आणि पुढच्याच वर्षी चिपच बदलली. यात स्टुडिओवाल्याचा गुन्हा कोणता?

जुन्या कोडमुळे सगळे सॉफ्टवेअर कोसळते, असे उत्तर मिळते. धोका खरा आहे. पण रीपर ३२ बिटचे प्लगइन वेगळ्या प्रोसेसमध्ये चालवून दाखवतोच ना? म्हणजे अडचण अशक्यतेची नाही, इच्छेची आणि खर्चाची आहे. तो खर्च कंपनीने टाळला की गिऱ्हाइकाच्या खिशातून जातो.

आणि जाते काय? प्रोजेक्ट उघडतो, सूर जागेवर असतात, पण ज्या वाद्याने ते वाजायचे ते मुके झालेले असते. गाणे आपले, किल्ली दुसऱ्याच्या हातात! याला मालकी म्हणायचे की भाडे?

म्हणून मशीन फॉरमॅट करण्याआधी चार गोष्टी तपासा: प्लगइन ३२ बिटचे की ६४, व्हीएसटी २ की ३, योग्य फोल्डरमध्ये आहे का, आणि सॉफ्टवेअरने ते ब्लॉकलिस्टमध्ये तर टाकले नाही ना. मग पुन्हा स्कॅन करा. गाणे पूर्ण झाले की प्रत्येक ट्रॅक सुरुवातीपासून वेगळ्या वेव्ह फाइलमध्ये काढून ठेवा.

पण ही आपली सावधगिरी झाली, कंपन्यांची सुटका नव्हे. प्लगइन बंद करायचे असेल तर त्याची शेवटची आवृत्ती ॲक्टिव्हेशनशिवाय चालेल अशी करून द्या आणि जुने इन्स्टॉलर काढून टाकू नका. ही मेहेरबानी नाही. घेतलेल्या पैशाशी राखायचे इमान आहे.